न कळलेल्या आकड्याला नाव द्या
(शेतकऱ्याच्या पैशाच्या व्यवहारातली साधी समीकरणे)

रोहिणखेडला शेतकऱ्यांच्या बैठकीत बसलो होतो. सोयाबीनची मळणी नुकतीच आटोपली होती. मी विचारले, "यंदा सोयाबीन परवडले का?" एक वडीलधारे काका हसून म्हणाले, "साहेब, हिशेब तं आमाले येते. पण तो सगळं इकून झाल्यावर. उधारी देल्ली, मजुरी देल्ली, मंग खिशात हात घातला का समजते, परवडलं का नाही."

काका बोलले ते खरे आहे. आपल्या प्रत्येक घरी हिशेब होतो, पण तो व्यवहार झाल्यानंतर होतो. माल विकून गेल्यावर, कागदावर सही झाल्यावर, पोती गाडीत चढल्यावर. त्या वेळी केलेला हिशेब म्हणजे पीक वाळल्यावर दिलेले पाणी. आज आपण हिशेब आधी कसा मांडायचा ते बघणार आहोत. त्यासाठी शाळेत सातवी-आठवीला शिकलेली एकच गोष्ट लागते. तिचे नाव समीकरण. नाव ऐकून घाबरू नका. ज्याला ताजवा धरता येतो त्याला समीकरण येते.

समीकरण म्हणजे ताजवा

ताजव्याची दोन पारडी असतात. दांडी सरळ राहिली म्हणजे दोन्हीकडचे वजन सारखे. समीकरणात मधे = अशी खूण असते, ती म्हणजे सरळ दांडी. डावीकडे जे आहे तेवढेच उजवीकडे आहे, एवढाच तिचा अर्थ.

आता समजा एका पारड्यात एक गुळाची ढेप आणि २ किलोचे माप आहे. दुसऱ्या पारड्यात १२ किलोची मापे आहेत आणि दांडी सरळ आहे. ढेप किती किलोची? आपण दोन्ही पारड्यांतून २-२ किलो काढून घेऊ. दांडी सरळच राहील आणि ढेप १० किलोची निघेल. ढेपेला आपण 'ढ' म्हटले तर कागदावर हे असे दिसते:

ढ + २ = १२
ढ = १२ − २ = १०

झाले समीकरण! आता पाच पायऱ्या ध्यानात ठेवा.

१) काय शोधायचे ते एका वाक्यात लिहा. एककही लिहा : रुपये, किलो, क्विंटल की पोती.
२) त्या न कळलेल्या आकड्याला एक अक्षर द्या. भावाला 'भ', क्विंटलला 'क', असे काहीही चालेल.
३) कोणत्या दोन गोष्टी सारख्या आहेत ते शोधा आणि मधे = लिहा. खरी अक्कल इथेच लागते.
४) एका पारड्यात जे कराल ते दुसऱ्यातही करा. इकडून १०० काढले तर तिकडूनही १०० काढा. इकडे ४ ने भागले तर तिकडेही ४ ने भागा.
५) निघालेले उत्तर पहिल्या वाक्यात घालून पडताळा घ्या. जमले नाही तर पुन्हा बघा.

आता आपल्या रोजच्या व्यवहारातले हिशेब घेऊ. हमीभाव आणि खताच्या किमती सोडल्या तर खालचे आकडे समजुतीसाठी घेतले आहेत. तुमच्या घरचे आकडे तिथे तुम्हीच घाला.

हिशेब पहिला : बिलात लपलेली वस्तू

२०२५ च्या खरिपात डी.ए.पी.च्या ५० किलोच्या पोत्याची किंमत १३५० रुपये आणि युरियाच्या ४५ किलोच्या पोत्याची किंमत २६६ रुपये ५० पैसे होती. समजा एका भावाने ३ पोती डी.ए.पी. आणि २ पोती युरिया आणला. ५००० रुपये दिले आणि परत काहीच मिळाले नाही. सोबत एक बाटली मिळाली. बाटली फुकट की विकत, हे त्याला ठाऊक नाही.

न कळलेला आकडा : बाटलीची किंमत, रुपयांत. तिला 'ब' म्हणू. काय सारखे आहे? सगळ्या वस्तूंची मिळून किंमत आणि दिलेले पैसे.

(३ × १३५०) + (२ × २६६.५०) + ब = ५०००
४०५० + ५३३ + ब = ५०००
४५८३ + ब = ५०००
ब = ४१७

म्हणजे न मागितलेल्या बाटलीसाठी भावाने ४१७ रुपये मोजले. हा हिशेब दुकानाच्या पायरीवरच दोन मिनिटांत होतो. हव्या असलेल्या खताबरोबर नको असलेला माल घ्यावा लागला तर ई-पॉस यंत्राची पावती आणि पक्के बिल मागा, आणि पंचायत समितीच्या किंवा तालुक्याच्या कृषी कार्यालयात लेखी तक्रार द्या. खताच्या पोत्यावर छापलेल्या किमतीपेक्षा जास्त पैसे घेणे हा १९८५ च्या खत नियंत्रण आदेशाचा भंग आहे.

ह्याच हिशेबात आणखी एक गोष्ट शिकून घ्या. समजा ५००० रुपयांत ३ पोती डी.ए.पी. घेऊन उरलेल्या पैशांत युरियाच घ्यायचा आहे. युरियाची पोती 'प' म्हणू.

४०५० + २६६.५०प = ५०००
२६६.५०प = ९५०
प = साधारण ३.५६

साडेतीन पोती कोणी देत नाही. तेव्हा ३ पोती घ्या आणि १५० रुपये ५० पैसे खिशात परत ठेवा. समीकरणाने दिलेले उत्तर व्यवहाराच्या मापात बसवणे हे आपले काम आहे.

हिशेब दुसरा : किती क्विंटल पिकले म्हणजे पदरचे गेले नाही?

आता काकांच्या प्रश्नाकडे येऊ. समजा एक एकर सोयाबीनला नांगरणी, पेरणी, बियाणे, खत, फवारणी, निंदणी आणि सोंगणी मिळून १७,१०० रुपये खर्च आला. हा खर्च पीक आले तरी होतो, न आले तरी होतो. याशिवाय मळणी, बारदाना, हमाली आणि बाजारापर्यंतची वाहतूक मिळून क्विंटलमागे ४०० रुपये लागतात. हा खर्च जेवढे पिकेल तेवढा वाढतो. बाजारात भाव ४२०० रुपये क्विंटल मिळतो असे धरू.

न कळलेला आकडा : एकरी किती क्विंटल आले म्हणजे ना नफा ना तोटा? त्याला 'क' म्हणू. काय सारखे आहे? आलेला पैसा आणि गेलेला पैसा.

४२००क = १७१०० + ४००क

दोन्हीकडे 'क' आला म्हणून गोंधळू नका. दोन्ही पारड्यांतून ४००क काढा.

३८००क = १७१००
क = ४.५

एकरी साडेचार क्विंटलपर्यंत जे पिकले ते खर्च फेडण्यात गेले. त्याच्या वरचे तुमचे. पडताळा घ्या : ४.५ × ४२०० = १८,९०० रुपये आले. खर्च १७,१०० + (४.५ × ४००) = १८,९०० रुपये. दांडी सरळ आहे.

आता भाव बदलून बघा. २०२५-२६ च्या हंगामासाठी केंद्र सरकारने सोयाबीनचा हमीभाव क्विंटलला ५३२८ रुपये जाहीर केला. तो भाव मिळाला तर :

५३२८क = १७१०० + ४००क
४९२८क = १७१००
क = साधारण ३.४७

बघा, भाव बदलला तर तीच जमीन आणि तोच खर्च असूनही एकरी एक क्विंटलपेक्षा जास्त माल तोट्याच्या बाजूकडून तुमच्या बाजूला आला. म्हणून हमीभावाच्या खरेदीची नोंदणी वेळेवर करा. "लाईन मोठी असते" म्हणून सोडून देण्याआधी हे समीकरण स्वतःच्या आकड्यांनी एकदा मांडा. ती लाईन एकरी किती रुपयांची आहे ते कळेल.

एक गोष्ट मात्र विसरू नका. घरच्या माणसांची मजुरीही खर्चात धरा. घरची लक्ष्मी आठ दिवस निंदायला वावरात होती आणि तिची मजुरी वहीत शून्य लिहिली, तर समीकरण बरोबर सुटेल पण उत्तर खोटे येईल.

हिशेब तिसरा : ओलाव्याची कटती

ओले सोयाबीन बाजारात नेले की वजनात कटती होते. कटती व्हावी हे बरोबर आहे, कारण पाण्याचे पैसे कोणी देणार नाही. पण किती व्हावी?

हमीभावाच्या खरेदीत सोयाबीनमध्ये १२ टक्क्यांपर्यंत ओलावा चालतो. समजा आपल्या मालात १६ टक्के ओलावा आहे. म्हणजे १०० किलोत १६ किलो पाणी आणि ८४ किलो कोरडा माल. हा माल १२ टक्क्यांपर्यंत वाळवला तर किती किलो भरेल? त्याला 'व' म्हणू.

काय सारखे आहे? वजन बदलले, पाणी बदलले, पण कोरडा माल तेवढाच राहिला. वाळल्यावर 'व' किलोत १२ टक्के पाणी, म्हणजे ८८ टक्के कोरडा माल.

०.८८व = ८४
व = ८४ ÷ ०.८८ = ९५.४५ किलो

म्हणजे क्विंटलमागे साडेचार किलोच्या आसपास घट धरणे रास्त आहे. कोणी ६ किलो कापत असेल तर तो जवळजवळ दीड किलो माल जास्तीचा घेतो. नेमके सांगायचे तर १.४५ किलो. ४३०० रुपये भावाने हे क्विंटलमागे सुमारे ६२ रुपये होतात. २० क्विंटल मालावर साडेबाराशे रुपये होतात. एवढ्यात ताडपत्री येते. तीच ताडपत्री अंथरून दोन ऊन दिले असते तर कटतीचा प्रश्नच आला नसता.

मोताळा असो, मलकापूर असो की बुलढाणा, बाजारात जाण्याआधी ओलावा मोजून घ्या आणि हा आकडा कागदावर लिहून खिशात ठेवा. भांडण करावे लागत नाही. "भाऊ, साडेचार किलो रास्त होते" एवढे म्हणता आले तरी समोरचा विचार करून बोलतो.

हिशेब चौथा : हातात वीस हजार पाहिजेत

आता सर्वांत नाजूक हिशेब. पेरणीच्या तोंडावर पैसा लागतो, बँकेचा कागद अडकतो आणि माणूस शेकडा ३ रुपये महिन्याने पैसे उचलतो. काही जण व्याज आधीच कापून घेतात. समजा ४ महिन्यांसाठी पैसे घेतले. शेकडा ३ प्रमाणे ४ महिन्यांचे १२ टक्के झाले. कागदावर २०,००० लिहिले, २४०० आधीच कापले आणि हातात १७,६०० आले.

पण आपल्याला तर हातात २०,००० पाहिजेत. मग कागदावर किती लिहावे लागतील?

हा प्रश्न मी एका बचत गटाच्या बैठकीत विचारला आणि उत्तरही घाईघाईने मीच दिले : "वीस हजारांचे १२ टक्के २४००. तेव्हा २२,४०० लिहावे लागतील." मागे बसलेल्या एक आजी म्हणाल्या, "साहेब, बावीस हजार चारशेचे बारा टक्के कापले तं हातात वीस कुठी येते?" मी वहीत मांडून बघितले. २२,४०० चे १२ टक्के २६८८. हातात येतात १९,७१२. आजी बरोबर होत्या. बी.एस्सी. होऊनही मी चुकलो, कारण मी समीकरण न मांडता अंदाजाने बोललो.

आता नीट मांडू. कागदावरची रक्कम 'र'. काय सारखे आहे? कापल्यावर उरलेली रक्कम आणि हातात हवे असलेले २०,०००.

र − ०.१२र = २००००
०.८८र = २००००
र = २२,७२७ रुपये (रुपयापर्यंत धरून)

हातात वीस हजार घेण्यासाठी पावणेतेवीस हजारांच्या आसपास रक्कम कागदावर चढते. आणि व्याजाचा खरा दरही शेकडा ३ राहत नाही. पहिल्या उदाहरणात १७,६०० रुपये वापरायला मिळाले आणि २४०० व्याज गेले. खरा मासिक दर 'द' म्हणू.

१७६०० × द × ४ ÷ १०० = २४००
७०४द = २४००
द = साधारण ३.४१

म्हणजे शेकडा ३ नव्हे, ३ रुपये ४१ पैसे. वर्षाचा विचार केला तर शेकडा ४० च्या वर.

बंधूंनो, हिशेब दुसऱ्याच्या वहीत राहिला की काय होते, हे आपल्या महाराष्ट्राने भोगले आहे. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकऱ्यांचा उद्रेक झाला. तो पसरला तिथे तिथे लोकांनी सावकारांचे कर्जरोखे आणि हिशेबाच्या वह्याच ताब्यात घेऊन जाळल्या. कारण राग माणसापेक्षा कागदावर होता. त्यानंतर १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांच्या साहाय्याचा कायदा झाला. आता महाराष्ट्रात २०१४ चा सावकारी नियमन कायदा आहे. परवान्याशिवाय सावकारी करणे हा त्या कायद्याने गुन्हा आहे. फसवणूक झाली असेल तर तालुक्याच्या सहायक निबंधक, सहकारी संस्था यांच्या कार्यालयात अर्ज देता येतो. पण अर्ज देण्याची वेळच येऊ नये म्हणून कोऱ्या कागदावर सही किंवा अंगठा कधीही देऊ नका. आणि सही करण्याआधी 'र' किती ते स्वतः काढा.

हिशेब पाचवा : भास्कराचार्यांचे घोडे आणि आपला पंप

काही जण म्हणतील, अक्षरांचे हे गणित साहेबांच्या पुस्तकातले, आपल्या मातीतले नव्हे. तसे नाही. भास्कराचार्यांनी ११५० साली 'सिद्धान्तशिरोमणी' पुरा केला. त्यातच 'लीलावती' आणि 'बीजगणित' आहेत. आपल्या शेजारच्या जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळ पाटण आहे. तिथल्या शिलालेखात भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढल्याची नोंद आहे. तेराव्या शतकाच्या सुरुवातीचा हा लेख. त्याचा शेवटचा भाग जुन्या मराठीत आहे. पाटणच्या बाजारात विकल्या जाणाऱ्या मालावर राजाला मिळणारा कर मठाला दिला, असे त्यात लिहिले आहे. म्हणजे गणिताची ही शाळा बाजाराच्या पैशावर चालत होती!

भास्कराचार्य न कळलेल्या आकड्याला 'यावत्-तावत्' म्हणत आणि थोडक्यात 'या' लिहीत. त्यांच्या 'बीजगणिता'तला एक हिशेब असा : एका माणसाजवळ ६ घोडे आणि रोख ३०० आहेत. दुसऱ्याजवळ तसेच १० घोडे आहेत, पण डोक्यावर १०० चे कर्ज आहे. दोघांची मालमत्ता सारखी. तर एका घोड्याची किंमत किती?

६या + ३०० = १०या − १००

दोन्हीकडून ६या काढा, दोन्हीकडे १०० मिळवा.

४०० = ४या
या = १००

एका घोड्याची किंमत १००. पडताळा : पहिल्याचे ६०० आणि ३०० मिळून ९००. दुसऱ्याचे १००० मधून १०० गेले, ९००. कर्ज म्हणजे वजा, हे त्यांनी साडेआठशे वर्षांपूर्वी मांडून ठेवले आहे. आपणही मालमत्ता मोजताना कर्ज वजा करायला विसरू नये.

आता हीच मांडणी आपल्या फवारणी पंपाला लावू. समजा पेट्रोलवर चालणारा पंप ९००० रुपयांना मिळतो आणि एका एकराच्या एका फवारणीला ६० रुपये पेट्रोल-तेल लागते. भाड्याने पंप आणला तर पेट्रोलसह एकराला २१० रुपये पडतात. विकत घ्यावा की भाड्याने आणावा?

किती एकर-फवारण्या झाल्या म्हणजे दोन्ही खर्च सारखे? त्याला 'फ' म्हणू.

९००० + ६०फ = २१०फ
९००० = १५०फ
फ = ६०

साठ फवारण्या झाल्यावर विकतचा पंप परवडू लागतो. ज्याचे ४ एकर आहे आणि हंगामात ५ फवारण्या होतात, त्याच्या वर्षाला २० एकर-फवारण्या होतात. म्हणजे ३ वर्षांत पैसे फिटतात, दुरुस्ती निघाली नाही तर. ज्याचे दीड एकर आहे त्याला ८ वर्षे लागतील. त्याने भाड्याने आणावा, नाही तर चौघांनी मिळून घ्यावा. शेजाऱ्याने घेतला म्हणून आपण घेऊ नये. शेजाऱ्याचा 'फ' वेगळा आहे.

हिशेब सहावा : आज विकू की थांबू?

"भाव वाढंन" म्हणून माल घरात ठेवणारे पुष्कळ आहेत. वाढेल की नाही हे कोणालाच ठाऊक नाही. पण किती वाढला तर थांबणे फायद्याचे, हे मात्र काढता येते.

महाराष्ट्र राज्य कृषी पणन मंडळाची शेतमाल तारण कर्ज योजना १९९०-९१ पासून चालू आहे. योजना राबवणाऱ्या बाजार समितीच्या गोदामात सोयाबीन ठेवले की किमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंत कर्ज ६ महिन्यांसाठी वार्षिक ६ टक्के व्याजाने मिळते. समजा आजचा भाव ४३०० आहे. क्विंटलमागे ३२२५ रुपये कर्ज मिळाले. ४ महिन्यांचे व्याज २ टक्के, म्हणजे ढोबळमानाने ६५ रुपये. पुन्हा हमाली आणि ने-आण ४५ रुपये धरू. आणि ४ महिन्यांत वाळून, सांडून वजनात २ टक्के घट धरू, म्हणजे क्विंटलचे ९८ किलोच हाती राहतील.

चार महिन्यांनी लागणारा भाव 'भ'.

०.९८भ = ४३०० + ६५ + ४५
०.९८भ = ४४१०
भ = ४५००

चार महिन्यांनी ४५०० पेक्षा जास्त भाव मिळाला तरच थांबल्याचा फायदा. ४४०० मिळाले तर "शंभर रुपये जास्त मिळाले" असे वाटेल, पण खरे तर तोटाच झालेला असेल. म्हणून माल ठेवताना गोदामाच्या पावतीमागे आपला 'भ' लिहून ठेवा. तो आकडा आला की मोह न करता काही माल तरी विकून टाका.

जपून राहायच्या चार चुका

१) एकक मिसळू नका. भाव क्विंटलचा आणि वेचणी किलोची असेल तर आधी दोन्ही एकाच मापात आणा.
२) टक्के कशाचे, ते विचारा. बारा टक्के हातातल्या रकमेचे की कागदावरच्या? आमची चूक इथेच झाली होती.
३) खर्च एकदाच होणारा कोणता आणि क्विंटलमागे वाढणारा कोणता, ते वेगळे लिहा.
४) समीकरणाला पाऊस कळत नाही. उत्पन्न आणि भाव कमी धरून एकदा, आणि नेहमीचे धरून एकदा, असा दोनदा हिशेब करा. कमी धरूनही घर चालत असेल तरच मोठी उधारी करा.

घरी सोडवायला दोन हिशेब

१) दोन बाया ३ दिवस निंदणीला आल्या आणि डवऱ्याची एक जोडी १ दिवस आली. जोडीचा दिवसाचा दर एका बाईच्या रोजाच्या चौपट. सगळे मिळून ३००० रुपये दिले. एका बाईचा रोज किती?

२) कपाशीला एकरी २४,००० रुपये खर्च आला. वेचणी किलोला १० रुपये. भाव क्विंटलला ७००० मिळतो. ना नफा ना तोटा होण्यासाठी एकरी किती क्विंटल कापूस यायला हवा?

उत्तरे : पहिल्यात निंदणीचे एकूण ६ रोज आणि जोडीचे ४ रोज, म्हणजे १० रोजांचे ३००० रुपये. एक रोज ३०० रुपये. दुसऱ्यात वेचणी क्विंटलला १००० रुपये पडते. ७०००क = २४००० + १०००क, म्हणून क = ४ क्विंटल.

ही दोन गणिते घरातल्या शाळेत जाणाऱ्या पोराला किंवा पोरीला घालून बघा. पुस्तकातला 'क्ष' त्यांना रोज भेटतो, पण तो आपल्याच वावरात राहतो हे त्यांनाही ठाऊक नसते. त्यांना वही आणायला सांगा, आकडे तुम्ही सांगा. मांडणी ती करतील, व्यवहार तुम्ही करा.

आणि एवढे ध्यानात असू द्या : खिशातून पैसा काढण्याआधी, माल काट्यावर चढवण्याआधी, कागदावर अंगठा उमटवण्याआधी दोन मिनिटे थांबायचे. जो आकडा कळत नाही त्याला नाव द्यायचे आणि ताजवा धरायचा. मग व्यवहार पटला तर करा, नाही तर "उद्या सांगतो" म्हणून उठा. उद्या सांगतो म्हणायला पैसे लागत नाहीत.

तुमच्या घरचे एखादे अडलेले गणित असेल तर आमच्या कार्यक्रमाच्या पत्त्यावर पोस्टकार्ड टाका. आकडे नीट लिहा, नाव नाही लिहिले तरी चालेल.